चटाची वाडी

१

ही गोष्ट करोना ओसरल्यावरच्या पहिल्या उन्हाळ्यातली की दुसऱ्या, हे मोरोपंतांना आज छातीठोकपणे सांगता येणार नाही. कूलरची खस नवी होती एवढं त्यांना पक्कं आठवतं. पण खस ते दर उन्हाळ्यात नवीच भरतात, तेव्हा पुरावा म्हणून त्या आठवणीला काडीची किंमत नाही. जन्मभर कॉलेजात संख्याशास्त्र शिकवलेला हा माणूस. पाहणीत काही आकडे मिळालेच नाहीत, तर त्या रिकाम्या जागी काय धरावं, या विषयावर त्यांची पीएच.डी. होती. आता सत्तरी उलटल्यावर स्वतःच्याच डोक्यात रिकाम्या जागा दिसायला लागल्या होत्या, आणि तिथे काय धरावं हे मात्र त्यांना सुचत नव्हतं.

बाकी सगळं लख्ख आठवतं. अमरावतीला राजापेठेतल्या घराची ती मागची खोली, बाहेर ट्यूशनला निघालेल्या पोरांच्या गाड्यांचा गलका, आणि हातातलं ते वीतभर लांबीचं खेळायचं यंत्र. अकोल्याला त्यांचा मुलगा पुष्कर राहत होता. त्यानं आपल्या लेकीला, अदितीला, वाढदिवसाला ते यंत्र घेऊन दिलं. अदिती तेव्हा आठवीची परीक्षा देऊन मोकळी झाली होती. तिनं हट्ट धरला की असंच एक आबांनाही पाहिजे, नाहीतर मी खेळू कोणासोबत?

खेळाचं नाव लांबलचक होतं. दोघं त्याला नुसतं 'रान' म्हणत. रानात हिंडायचं, चित्रविचित्र प्राणी हेरायचे, त्यांना चारा टाकून माणसाळवायचं आणि आपल्या वाडीत आणून पाळायचं. नावं अदिती ठेवायची. दगडासारख्या गोल प्राण्याचं नाव रोडगा. जांभळ्या, लिबलिबीत प्राण्याचं नाव भरीत. नाकातून धूर सोडणारा तो ठेचा.

आणि मग सिंक, म्हणजे दोन्ही यंत्रांची गाठभेट. दुपारची जेवणं झाली की मोरोपंत ते बटण दाबत. अमरावतीची वाडी अकोल्याला कळायची, अकोल्याची अमरावतीला. रोडगा ठुमकत अदितीच्या वाडीत पाहुणा जायचा, भरीत इकडे यायचं. अदितीनं सकाळी जे जे केलं असेल ते करत तिची बाहुली त्यांच्या वाडीत हिंडायची. कोणी आलं की यंत्र 'टुण' असं वाजायचं. एक टुण मोरोपंतांचं, एक अदितीचं. ते दुसरं टुण ऐकलं की म्हाताऱ्याच्या पोटात गुदगुल्या व्हायच्या.

"काय करून राहिले हो तुम्ही?" सिंधूताई दारातून विचारायच्या. "वामकुक्षीचं वय आहे का पोरखेळाचं?"

"अगं, नातीकडे जाऊन आलो."

"चप्पल तर इथंच आहे."

२

गाडं अडलं ते दरीपाशी.

रानाच्या टोकाला एक दरी होती, आणि तिच्यात एक निळा सायाळ राहत होता. तो दिसायचा नाही, ऐकू यायचा. चालला की त्याचे काटे एकमेकांवर आपटून काचेसारखे किणकिणत. अदितीनं त्याला न पाहताच त्याचं नाव ठेवून टाकलं होतं: झुंबर. पण दरीच्या तोंडावर पाटी होती. ज्यांच्या वर्तुळात तीन खेळाडू आहेत, त्यांनाच आत जाता येईल.

"आबा, आपण दोघंच," अदिती फोनवर रडकुंडीला आली. "माझ्या वर्गात कोणाकडेच हे नाही. काहून असं करतात हे लोक?"

मोरोपंतांनी दोन दुपारी विचार केला आणि तिसऱ्या दुपारी ते लहान मुलासारखे टाळी वाजवून उठले.

त्यांचे वडील बाळापूरला भिक्षुकी करत. श्राद्धाला एखादा ब्राह्मण कमी पडला की वडील दर्भाच्या काड्या घेऊन त्यांना एक गाठ मारत आणि ती गाठ त्या रिकाम्या पाटावर ठेवत. तिला चट म्हणायचे. तिच्यापुढे पान मांडायचं, वाढायचं, माणसासारखाच आग्रह करायचा. लहानपणी मोरोपंतांना त्याचं फार हसू येई.

त्यांनी आपल्याच यंत्रावर आणखी एक खेळाडू उघडला. नावाच्या जागी लिहिलं: चट. चेहरा निवडा, असं यंत्रानं विचारलं. त्यांनी 'नंतर' दाबलं. पांढरा सदरा घातलेली, नाकडोळे नसलेली एक बाहुली तयार झाली. तिला एक उजाड वाडी मिळाली, वाडीत एक खोपट. मोरोपंतांनी तिला वर्तुळात यायचं आवतण दिलं, तिच्या वतीनं स्वतःच स्वीकारलं, आणि दरी उघडली.

फोनवर अदिती इतकी किंचाळली की सिंधूताई स्वयंपाकघरातून धावत आल्या. मोरोपंतांनी हसत हसत सगळी युक्ती सांगितली. सिंधूताई हसल्या नाहीत.

"मामंजी शेवटी गाठ सोडत असत," त्या म्हणाल्या. "तुम्ही ती कशी सोडणार?"

"खेळ संपला की खोडून टाकीन."

"मग ठीक आहे," असं म्हणून त्या आत गेल्या. ठीक असल्यासारखा त्यांचा आवाज मात्र नव्हता.

३

ते दिवस फार आनंदाचे गेले. आजोबा आणि नात दरीत शिरत, श्वास रोखून किणकिण ऐकत, तिच्या मागे धावत. ती डावीकडून यायची आणि क्षणात उजवीकडे जायची. "आबा, तिकडे! झाडामागं!" "कुठल्या झाडामागं, सगळीच झाडं आहेत!" "चष्मा लावा न!" झुंबर काही हाती लागत नव्हतं, आणि लागत नव्हतं म्हणूनच मजा होती. मोरोपंतांचा रक्तदाब सुधारला. डॉक्टरांनी विचारलं, काय फिरायला जाता वाटतं? ते म्हणाले, हो, दरीत.

अशाच एका दुपारी सिंक दाबलं आणि टुण वाजलं. मग टुण. मग, जरा थांबून, आणखी एक टुण.

मोरोपंतांनी मान वर केली. सिंक म्हणजे काही जादू नव्हे. जो खेळाडू खेळलाच नाही, त्याचं काहीच हलत नाही. चट उघडायचा तर तो त्यांच्याच यंत्रावरून, त्यांच्याच हातून. दरी उघडल्यापासून त्यांनी त्याला हात लावला नव्हता. निदान तसं त्यांना वाटत होतं.

त्यांनी चटाची वाडी उघडून पाहिली. खोपटापुढचं वाळलं गवत निघून गेलं होतं. तिथली जमीन सारवल्यासारखी गुळगुळीत होती, आणि मधोमध एक फळी आडवी टाकलेली होती. बसायला टाकावी तशी.

बाहुली फळीवर नव्हती. ती मोरोपंतांच्या वाडीत, कुंपणाशी उभी होती. पाहुणा आला की भेट आणतो, असा रानातला नेम. अदितीची बाहुली बोरं आणायची, कधी शिंपला आणायची. चटानंही भेट आणली होती. मोरोपंतांनी ती उघडली. एक हिरवं पान होतं. धुतलेलं, निथळलेलं, रिकामं.

"मला पण आलं ते," अदिती फोनवर म्हणाली. "रोज येते. तुम्हीच पाठवून राहिले न? काय करायचं असतं त्याचं?"

मोरोपंत म्हणाले, पाहतो.

४

त्यांना भीती वाटली ती भुताखेताची नव्हे. त्यांना आपल्या थोरल्या भावाची आठवण झाली. रामराव शेवटच्या वर्षांत स्वतःच दार उघडायचे आणि स्वतःच विचारायचे, दार कोणी उघडलं? आपणच भरदुपारी, गुंगीत, चट उघडून खेळत असू आणि विसरत असू तर? आपल्याच हातांनी जमीन सारवून आपणच दचकत असू तर? विचार करता करता त्यांना घाम फुटला. पण त्यांची हुशारीही चाळवली. घाम आणि हुशारी एकदमच आली की मोरोपंत नेहमी एकच गोष्ट करत: चाचणी.

त्यांनी यंत्र बंद केलं, गोदरेजच्या कपाटात ठेवलं आणि किल्ली सिंधूताईंच्या हातात दिली.

"मी मागितली तरी देऊ नका. रडलो तरी देऊ नका."

"हे काय नवीन?"

"प्रयोग आहे."

"प्रयोग करायला एवढा जीव आहे तर लोणच्याच्या कैऱ्या फोडून द्या," सिंधूताई म्हणाल्या. पण किल्ली त्यांनी कनवटीला खोचली.

दुसऱ्या दिवशी जेवण होऊन हात धुताहेत तोच अदितीचा फोन आला. तिचा आवाज उत्साहानं फुटत होता.

"आबा! तुम्ही पकडलं! मला न सांगता पकडलं! कसले आहेत हो तुम्ही!"

"काय पकडलं बाळा?"

"झुंबर! चटाजवळ झुंबर आहे! तो माझ्या दारात घेऊन उभा आहे. किती सुंदर आहे आबा, काटे असे हलून राहिले... मी त्याला आत घेऊ?"

मोरोपंतांनी कपाटाकडे पाहिलं. ते बंद होतं. किल्ली सिंधूताईंच्या कमरेला होती, आणि सिंधूताई समोर ताटं उचलत होत्या.

हा सगळा खेळातलाच काही घोटाळा आहे असं म्हणता आलं असतं. यंत्राचं काही बिघडलं असेल, दूरच्या कुठल्या संगणकात काही गुंतलं असेल. मोरोपंतांनी ते म्हणूनही पाहिलं. पण त्याच क्षणी दुसरी गोष्ट त्यांच्या लक्षात आली: म्हणजे मी विसरलेलो नाही. इतका आनंद आणि इतकी भीती एकाच वेळी त्यांना आयुष्यात कधी झाली नव्हती.

"नको," ते म्हणाले. "आत घेऊ नको. अदिती, ऐक, तो मी नाही."

"मग कोण आहे?"

मोरोपंतांनी कपाटाचं दार ओढून पाहिलं.

"पण आबा, तो रोज उभा राहते दारात. पान घेऊन. मी कधी आत घेतलं नाही तर आज झुंबर घेऊन आला बिचारा. मी घेते. तुम्ही रागावू नका हं."

"अदिती!"

फोन कटला. परत लावला, लागला नाही. मंजुषाला, सूनबाईला, लावला, तीही उचलेना. त्यांनी किल्ली मागितली. सिंधूताईंनी एकवार त्यांच्या तोंडाकडे पाहिलं आणि ठरल्याप्रमाणे नकार न देता मुकाट्यानं दिली. यंत्र उघडून मोरोपंतांनी अंगठ्यानं चटाला खोडायचं बटण दाबलं. पडद्यावर अक्षरं आली: हा खेळाडू सध्या दुसऱ्या घरी आहे. यजमानानं निरोप दिल्यावर पुन्हा प्रयत्न करा.

"मी अकोल्याला जाऊन येतो," ते म्हणाले.

"या उन्हात?"

"गाठ सोडायची आहे."

सिंधूताईंनी पाण्याची बाटली भरून दिली आणि डोक्याला बांधायला दुपट्टा दिला.

५

अकोल्याची बस लागलेलीच होती. बडनेऱ्याचं फाटक गेलं, मग दोन्ही बाजूंना नांगरून टाकलेली काळी रानं सुरू झाली. उन्हाच्या झळा खिडकीतून तोंडावर येत होत्या आणि मोरोपंत सीटच्या कडेवर बसून पुढच्या काचेतून पाहत होते, जणू त्यांनी पाहिल्यानं बस लवकर पोचणार होती.

"काका, बसा न आरामात," कंडक्टर म्हणाला. "परीक्षा आहे काय अकोल्याले?"

"आहे," मोरोपंत म्हणाले.

"मग अभ्यास केला असन तर कायचं टेन्शन?"

आजूबाजूचे दोघे हसले. मोरोपंतही हसले. त्यांना एकाएकी फार हलकं वाटायला लागलं होतं. वर्षानुवर्षं त्यांच्या हातून एकही गोष्ट अशी घडली नव्हती जी फक्त त्यांनाच करता येईल. आता होती. नातीच्या दारात कोणी उभं होतं आणि त्याला तिथं नेणारे तेच होते. मूर्तिजापूरला बस थांबली तेव्हा त्यांनी पुन्हा फोन लावला. अदितीनं उचलला नाही. पण उचलण्याआधी जो क्षणभर आवाज येतो, तसा काहीतरी आवाज आला, आणि त्या आवाजात, फार लांब, किणकिण होती. ती बसच्या खिळखिळ्या काचांची असेल. काचा खिळखिळ्या होत्याच.

६

जठारपेठेतल्या घराचं दार नुसतं लोटलेलं होतं. आत अंधार, कूलरची घरघर, खसाचा ओला वास. स्वयंपाकघरात कुकरची शिट्टी झाली आणि मंजुषाचा आवाज आला, "कोण आहे?"

"मी गं."

"अगबाई, बाबा! फोन तरी करायचा. ऊन काय म्हणते बाहेर! बसा, मी पाणी आणते."

"मी तुला फोन केला होता."

"चार्जिंगला आहे आतल्या खोलीत."

अदिती दिवाणावर मांडी घालून बसली होती. तिच्या तोंडावर यंत्राचा निळा उजेड पडला होता. तिनं मान वर केली नाही.

"आबा, या न," ती हळूच म्हणाली. "आवाज करू नका. तो जेवून राहिला."

मोरोपंत तिच्याशेजारी बसले. पडद्यावर अदितीचं खेळातलं घर होतं: तिनं हौसेनं लावलेली पिवळी भिंत, खिडकी, खिडकीत कुंडी. जमिनीवर चट बसला होता, त्यांच्याकडे पाठ करून. पांढरा सदरा. त्याच्यापुढे ते पान. शेजारी झुंबर, खरोखर निळं, खरोखर सुंदर. त्याचे काटे हलत होते आणि किणकिण खोलीभर पसरली होती. चटाचा उजवा हात पानाकडे जाई आणि वर येई. पानात काही नव्हतं. तरी हात जाई आणि वर येई.

"त्याला भूक लागली होती," अदिती म्हणाली. "म्हणून घेतलं."

"बरं केलंस. आता त्याला निरोप दे."

"मग झुंबर जाईल?"

"भेट आहे ती. भेट परत जात नाही."

अदितीनं निरोपाचं बटण काढलं. पण तिचं बोट पुढे होईना. तिनं आजोबांकडे पाहिलं. मोरोपंतांनी तिचा हात आपल्या हातात घेतला, वडील पाटापुढे उभे राहून म्हणत ते शब्द आठवायचा प्रयत्न केला, एकही आठवला नाही, आणि त्यांनी तिच्या बोटावर आपलं बोट ठेवून बटण दाबलं.

चट उठला. पाहुणे घराच्या दारानं जातात. दार पडद्यात डावीकडे होतं. तो डावीकडे गेला नाही. तो वळला आणि त्यांच्याच दिशेनं चालू लागला. नाकडोळे नसलेलं तोंड मोठं होत गेलं, मग पडद्याबाहेर गेलं, मग पडदाभर नुसता पांढरा सदरा, त्याचं सूत दिसावं इतका जवळ, मग काळोख. कूलर क्षणभर अडखळला आणि पुन्हा सुरू झाला.

टुण.

पडदा उजळला तेव्हा पिवळ्या घरात फक्त झुंबर होतं. मोरोपंतांनी खांद्यावरच्या शबनम पिशवीतून आपलं यंत्र काढलं आणि चटाला खोडायचं बटण दाबलं. या वेळी यंत्रानं काही कुरकुर केली नाही. नाव गेलं, उजाड वाडी गेली, खोपट गेलं.

"आबा, झुंबर माझं झालं!" अदिती दिवाणावर उभी राहून नाचायला लागली, आणि मोरोपंत, संख्याशास्त्राचे निवृत्त विभागप्रमुख, टाळ्या वाजवायला लागले. स्वयंपाकघरातून मंजुषा हसत म्हणाली, "पुरे आता. पानं घेते मी."

त्यांची आठवण इथवर धडधाकट आहे. पुढचं जेवण, पुष्करचं येणं, परतीची बस, हे सगळं आनंदानं असं काही भरून गेलं आहे की त्यात आत काही दिसतच नाही.

७

पुढे अदितीचा खेळ सुटला, यंत्रं कोणाला तरी देऊन टाकली गेली, आणि ती शिकायला पुण्याला गेली. मंजुषा राजापेठेत सासूसासऱ्यांना भेटायला आली होती तेव्हा अदितीच्या लहानपणच्या उन्हाळ्यांच्या गप्पा चालल्या होत्या, आणि बोलता बोलता ती म्हणाली, "बाबा, तुम्ही त्या वर्षी अचानक भरउन्हात आले होते न, तेव्हाचे ते पाहुणे कोण होते? विचारायचं राहूनच गेलं. बोलले नाहीत फारसे. पण जेवले किती! मले दुसरा कुकर लावावा लागला."

मोरोपंत म्हणाले, "मी एकटा आलो होतो."

"नाही हो. तुम्हीच म्हणाले, यांना आधी वाढ."

सिंधूताई भाजी निवडत होत्या. त्यांचे हात थांबले.

मोरोपंतांनी संध्याकाळी अदितीला फोन लावला. एका साक्षीदारावर त्यांचा कधीच विश्वास नव्हता. सुरुवातीला त्यांनी तिच्या परीक्षांचं विचारलं, मेसच्या जेवणाचं विचारलं, आणि मग विचारलं की त्या दिवशी घरात कोणी होतं का.

"हो," ती म्हणाली. "मला वाटलं तुम्हाला माहीत आहे. तुम्ही त्यांच्याशीच बोलून राहिले होते सारखे."

"अदिती, मला एवढंच सांग. तो नंतर राहिला का तिथं? परत कधी आला तुमच्याकडे?"

"नाही आबा. कधीच नाही."

मोरोपंतांनी डोळे मिटले. त्यांच्या छातीत आनंद दाटून आला.

"तुमच्याबरोबरच तर गेले ते," अदिती म्हणाली. "मी आणि बाबा स्टँडवर आलो होतो न सोडायला. खिडकीपाशी ते बसले होते. जागा तुम्हीच दिली होती त्यांना."